टकटक करणारा काटा

लिहावं एवढं मला येत नाही, त्याची आधीच माफी मागतो. पण परीक्षेच्या हॉलमधल्या घड्याळाचा सेकंदकाटा ऐकू आला, की आमच्या करडी गावातला तो लग्नाचा मांडव डोळ्यांपुढे येतो. शेजारचा दादा नागपूरला एका शेठची गाडी चालवायचा. शेठने खूश होऊन दिलेलं स्वतःचं भारी परदेशी घड्याळ दादाने बहिणीच्या लग्नात नवरदेवाच्या मनगटावर बांधलं. मांडवभर शिजत्या भाताचा आणि झेंडूचा वास होता. नवरदेवाचे मामा मला म्हणाले, “काय बे कॉलेजवाल्या, पाह्य बरं हे घड्याळ, असली आहे का?” आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच. मोबाइलवर पाहिलेल्या एका व्हिडिओच्या भरवशावर मी बोललो, “नकली आहे जी. काटा टकटक करून राहिला. असलीचा सरकत जाते.” हशा पिकला. “काहून जी, जावयाले नकली देता?” मामा दादाला म्हणाले. दादाने खाली मान घालून घड्याळ सोडवून घेतलं. दुसऱ्या दिवशी त्याने ते शेठसमोर आपटलं आणि नोकरी गमावली. आता तो वरठीला ट्रकमध्ये लोखंड भरतो. भेटला की “शिकून राहिला ना बाबू?” एवढंच विचारतो. परवा त्याच्या बहिणीकडून कळलं, की घड्याळ असलीच होतं, सेलवर चालणारं, म्हणून काटा टकटक करायचा. घड्याळ आपटलं त्याच दिवशी शेठने ते दादाला सांगितलं होतं.