गॅसवरची थंड कॉफी

“गुत्ता काढलान. माझ्या पडवीत हिने गुत्ता काढलान.”

आत्येचा आवाज म्हणजे काय चीज आहे, हे रत्नागिरीबाहेरच्या माणसाला सांगून कळणार नाही. तिने बत्तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं, तेही माइकशिवाय, आणि पावसाळ्यात पत्र्याखाली. त्या दुपारी तिने फाटकातून ही आरोळी ठोकली तेव्हा तिकडे मिरकरवाड्याला माशांचा लिलाव क्षणभर थांबला म्हणतात. बोली लावणाऱ्यांना वाटलं, कुणीतरी एकदम चढा भाव बोललं. मी काही तिथे बघायला नव्हते, पण मला सांगणारा माणूस खोटं बोलत नाही. निदान माझ्याइतकं तरी नाही.

आत्ये केळशीला चुलतभावाकडे आठ दिवसांसाठी गेली होती आणि सहाव्या दिवशीच परत आली होती. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात छत्री, मागे रिक्षावाला सुट्टे पैसे घेऊन ताटकळलेला. तिला पडवीत दिसलं ते असं: भाची, म्हणजे मी, नळाखाली ग्लास धरून उभी, नळातून काळंभोर काहीतरी पडतंय, त्यावर बोटभर फेस चढलाय आणि समोरच्या खुर्चीत समोरच्याच घरातले आंबा बागायतदार बसलेत. त्यांच्या काळ्या मिशीवर फेसाची दुसरी, पांढरी मिशी.

बागायतदार ताडकन उठून उभे राहिले. वय अठ्ठावन्न, दोन सुना, दीडशे कलमं. पण ते आत्येचे विद्यार्थी. बाई दिसल्या की उभं राहायचं, ही सवय त्यांच्या गुडघ्यांना अजून आहे.

आता मी इतकी का घाबरले ते सांगते. नवरा माझा पोफळीला, कोयनेच्या वीजघरात. तिथल्या कॉलनीत मी अकरा वर्षं काढली. पोफळीचा पाऊस म्हणजे, आषाढात वाळत घातलेली चादर मी तुळशीच्या लग्नाला काढलेली आहे, आणि तेव्हाही ती दमटच होती. भिंतीवरच्या बुरशीला मी आकारावरून नावं दिली होती. शेवटी आत्येकडे येऊन म्हटलं, तुझी रस्त्याकडची पडवी दे, मी कॉफीचं दुकान घालते. आत्ये म्हणाली, “घाल. पण दारूचा एक थेंब आत आला, तर त्याच दिवशी तुझं सामान अंगणात आणि तू पोफळीच्या गाडीत.” हे ती उगाच बोलली नव्हती. आळीच्या तोंडाशी पूर्वी देशी दारूचं दुकान होतं. ते तिने एकटीने उठवलं होतं, तेही त्याच आवाजाच्या जोरावर. त्यामुळे आमच्या दोघींची अब्रू त्या पडवीत गुंतलेली होती. तिची आळीपुढची आणि माझी नवऱ्यापुढची, कारण मी पोफळी सोडताना जरा जास्तच बोलले होते.

साधी गरम कॉफी मी आधीपासून विकत होतेच. पण ती काय, कोणीही विकतं. आत्ये केळशीला गेली आणि मी माझं मोठं काम काढलं. कॉफी रव्यासारखी जाडसर दळायची, गार पाण्यात अठरा तास भिजत घालायची आणि चक्का टांगायच्या फडक्यातून गाळायची. (फडकं आत्येचंच. त्याचा रंग आता परत येणार नाही.) मग ती स्टीलच्या बंद टाकीत भरायची, टाकी बर्फात बसवायची आणि सिलिंडरमधून तिच्यात नायट्रोजन सोडायचा. सिलिंडर आणला कोल्हापुराहून रिकाम्या परतणाऱ्या आंब्याच्या टेम्पोतून. बर्फ मिरकरवाड्याच्या बर्फाच्या कारखान्यातला. तिथे मला विचारलं, “किती टन?” मी म्हटलं, एक घमेलं. तेव्हापासून तिथे मला घमेलंवाली म्हणतात.

नायट्रोजन हा वायू मोठा आढ्यताखोर. सोड्यातला वायू कसा पाण्यात लगेच मिसळतो, तसा हा मिसळत नाही. टाकी गार करा, दाब द्या, वर हलवत बसा. मी ती टाकी मांडीवर आडवी घेऊन तास-तासभर डोलवत असे. शेजारणीने एकदा कुंपणाच्या गडग्यावरून डोकावून बघितलं आणि हळूच विचारलं, “झोपलं का गो?” दाबाचं माप फोनवरून नवऱ्याने समजावलं. म्हणाला, “मी इथे अख्ख्या कोयनेचं पाणी सांभाळतो, तुझी एक टाकी काय. काटा लाल रेघेकडे जायला लागला की तू विरुद्ध दिशेला जायला लाग.”

आणि मग नळ. त्याच्या पोटात सुईच्या टोकाएवढ्या भोकांची चकती असते. कॉफी तिच्यातून रेटून आली की वायूचे इतके बारीक बुडबुडे होतात, की ग्लासात फेस वर चढायच्या ऐवजी वरून खाली कोसळताना दिसतो. मी पहिला ग्लास भरला तेव्हा तो कोसळता फेस बघत इतका वेळ उभी राहिले, की गॅसवरचा भात कोळसा झाला. चव म्हणाल तर साखर न घालता गोडसर, आणि दूध न घालता जिभेवर साय आल्यासारखी.

पाटी रंगवायला होड्यांवर नावं रंगवणारा पेंटर बोलावला. मी सांगितलं, “नायट्रोजन कोल्ड ब्रू असं लिही.” तो म्हणाला, “ताई, असलं वाचायला माणूस थांबायचा नाही. मी समजेल असं लिहितो.” मी बर्फ आणायला गेले आणि येऊन बघते तर निळ्या लाटांवर, दोन पापलेटांच्या मधोमध, पिवळ्या अक्षरांत लिहिलेलं: ‘गॅसवरची थंड कॉफी’.

आता मराठीत गॅस तीन. एक स्वयंपाकघरातला, एक सिलिंडरमधला आणि एक पोटातला. पहिल्या दिवशी बायका विचारून गेल्या, गॅसवर केली तर थंड कशी? दुसऱ्या दिवशी आळीतले पेन्शनर आले. एकाने पोटावर हात ठेवून विचारलं, “गॅसवर आहे ना ही? जेवणाआधी घ्यायची की नंतर?” मी हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. म्हटलं, “घेऊन तर बघा.” पहिला ग्लास घेतला तो समोरच्या बागायतदारांनी. अर्ध्या ग्लासावर त्यांनी असा ढेकर दिला, की समोरच्या हापूसवरचे कावळे उठले ते थेट भाट्याच्या खाडीपलीकडे जाऊन बसले. झालं. त्या दिवसापासून माझ्याकडे दुपारी रांग. बागायतदार तर सकाळ-संध्याकाळ डोस घेतल्यासारखे येत.

तर त्या दुपारी आत्ये पडवीची पायरी चढून आली. आरोळीने गडग्यापलीकडे चाळीसेक माणसं जमली होती. मला तरी ती चारशे दिसली.

“आत्ये, ही कॉफी आहे,” मी म्हटलं.

“कॉफीला नळ कधीपासून आला?”

“कॉफीच आहे, बाई,” बागायतदार म्हणाले. “गॅसवरची.”

“गॅसवरची, तर वाफ कुठाय? आणि तोंड पूस आधी.”

त्यांनी बाहीने पांढरी मिशी पुसली. आत्येने ग्लास उचलून वास घेतला. कॉफीचा आला, पण तिचं समाधान झालं नाही. कॉफीच्या वासाआड काय काय लपवतात, हे ती दारूचं दुकान उठवलं त्या काळात शिकलेली. तिने छत्री बागायतदारांच्या छातीकडे रोखली.

“तेराचा पाढा म्हण.”

“बाई, आत्ता?”

“प्यायलेल्या माणसाला पाढा येत नाही. म्हण.”

बागायतदारांनी हात बांधले. “तेरा एके तेरा. तेरा दुणे सव्वीस. तेरा त्रिक एकोणचाळीस.” गडग्यावरचे ओठ त्यांच्याबरोबर हलत होते. “तेरा चोक बावन्न. तेरा पाचा पासष्ट. तेरा सक…”

आणि थांबले. घाम कानशिलावरून हनुवटीपर्यंत आला. मला पोफळीची भिंत दिसायला लागली, बुरशीसकट.

“तेरा सक शहात्तर,” ते म्हणाले.

गडग्यावरून एक बाई “अरे देवा” म्हणाली. मी डोळे मिटून घेतले. पण आत्येची छत्री खाली आली.

“पाचवीत पण शहात्तरच म्हणाला होतास,” ती म्हणाली. “नाही. हा प्यायलेला नाही. प्यायला असता, तर काहीतरी वेगळं चुकला असता.”

माझा जीव भांड्यात पडतो न पडतो तोच पुढचा प्रश्न आला. “मग हा फेस कसला?”

“नायट्रोजनचा.”

“नत्रवायू?” आत्येच्या भुवया वर गेल्या.

तो एक शब्द मला भारी पडला. कारण तो बागायतदारांनी ऐकला, आणि बागवाल्या माणसाला नत्र माहीत असतं ते पोत्यातलं.

“नत्र?” त्यांनी खुर्ची मागे सारली. “म्हणजे युरिया? गो बाय, मला तीन दिवस युरिया पाजलास तू?”

“काका, तसं नाही हो.”

“तसं नाही काय? मी कलमांना पावसाळ्याच्या तोंडावर घालतो तो. तरीच म्हणतो, परवापासून अंगाला पालवी फुटल्यासारखं का वाटतंय.”

गडग्यावरचे पेन्शनर आपापली पोटं चाचपायला लागले. एकाने आपल्या डोक्यावर हात फिरवला, कदाचित आशेने. एकूण रांग डोळ्यांसमोर पांगायला लागली. आता आत्येने सामान बाहेर काढायची गरजच उरली नव्हती, आळीच ते काढणार होती.

पण एक गोष्ट माझ्या लक्षात आली नव्हती. आत्येला दारू सहन होत नाही हे खरं, पण चुकीची व्याख्या तिला त्याहून सहन होत नाही.

“खाली बस,” ती बागायतदारांना म्हणाली. ते बसले. गडग्यावरचे दोघे-तिघेही बसले, तेही तिचेच विद्यार्थी. “युरियात नत्र असतं. नत्रवायूत युरिया नसतो. वर्गात खिडकीबाहेर बघितलं की असं होतं. काडेपेटी आण, चिमटा आण, आणि लोणच्याची रिकामी बरणी.”

शेवटचं वाक्य मला होतं. मी सगळं आणलं. तिच्या सांगण्यावरून सिलिंडरची नळी बरणीत सोडून चावी जराशी फिरवली. फुस्स झालं. बागायतदार खुर्चीसकट हातभर मागे सरकले. आत्येने काडी पेटवली, चिमट्यात धरली आणि सावकाश बरणीत उतरवली. ज्योत कुणी चिमटीत पकडावी तशी विझली. तिने दुसरी पेटवली. विझली. तिसरी पेटवली, कारण प्रयोग तीनदा केल्याशिवाय ती मानत नाही. तीही विझली.

“निष्क्रिय वायू,” ती गडग्याकडे तोंड करून म्हणाली. “स्वतः जळत नाही, दुसऱ्याला जळू देत नाही. रंग नाही, वास नाही, चव नाही. आपण सगळे जन्मापासून तोच नाकाने आत-बाहेर करतोय. लिहून घ्या.”

शपथेवर सांगते, दोघांनी खिसे चाचपले.

“बाई,” बागायतदारांनी हात वर केला, “रंग नाही, वास नाही, चव नाही, तर मग ही घालते कशाला?”

आत्ये माझ्याकडे वळली. “प्रश्न बरोबर आहे. उत्तर दे.”

एरवी माझी जीभ अशी चालते, की नवरा फोन टेबलावर ठेवून आंघोळ करून येतो. त्या क्षणी मात्र तिचं काम मी हाताला दिलं. मी नळ ओढला, नवा ग्लास भरला आणि तिच्यापुढे धरला.

तिने चष्मा लावला. काळ्यावरून तपकिरी, तपकिरीवरून पिवळट असा फेस खाली कोसळत होता, तो पूर्ण बसेपर्यंत बघितला. मग प्यायली. एक घोट, मग दुसरा, मग ग्लास रिकामा होईपर्यंत थांबलीच नाही. पदराने ओठ टिपले आणि पिशवी उचलली. चाळीस माणसं तिच्या चेहऱ्यात निकाल शोधत होती. तो चेहरा बत्तीस वर्षं पेपर तपासून सपाट झालेला, त्यावर काही सापडत नाही. आत जाता जाता ती नळापाशी थांबली, वाकली आणि त्याच्याखाली बोट धरून उभी राहिली.

“आत्ये,” मी विचारलं. आवाज माझा, पण उंदराकडून उसना आणलेला. “मग पडवीचं काय करायचं?”

“नळ ठिबकतोय,” ती म्हणाली. “वायसर बदलून घे.”