डावा की उजवा, हे विचारणाऱ्या पद्माअक्का

आमच्या पद्माअक्का, म्हणजे श्रीमती पद्मावती जगताप, यंदा पंचाहत्तर वर्षांच्या होत आहेत. त्यांच्या विद्यार्थ्यांनी काढलेल्या या गौरवग्रंथात लिहिण्याचा मान मला मिळाला, त्याला माझी लेखणी कारण नाही. आमच्यातले बहुतेक जण बंगळुरू सोडून गेले, मी राहिले, एवढंच.

अक्कांची पहिली भेट सर्जापूर रोडवरच्या एका काचेच्या इमारतीत झाली. मी बी.फार्म. होऊन नागपूरहून आले होते आणि मेडिकल कोडिंगच्या नोकरीत रुजू झाले होते. परदेशातले डॉक्टर रुग्णाबद्दल जे लिहितात ते वाचायचं आणि आजाराला ठरलेला कोड लावायचा, असं ते काम. आमच्या गटाच्या वाट्याला पायाच्या जुनाट जखमा आल्या. मधुमेह झालेल्यांच्या पायाला होतात आणि महिनोन्महिने भरत नाहीत, त्या. शिकवायला अक्का आल्या. एका मोठ्या रुग्णालयाचा नोंदविभाग सांभाळून त्या निवृत्त झाल्या होत्या आणि कंपनीने त्यांना आग्रहाने बोलावून घेतलं होतं. सुती साडी, घट्ट अंबाडा आणि चेहऱ्यावर हसू नाही. त्यांनी पहिलं वाक्य उच्चारलं ते हे, की सगळ्यांनी बूट-मोजे काढा.

एसीत गारठलेले आम्ही सगळे पदवीधर अनवाणी झालो. मग त्यांनी जोड्या लावल्या आणि समोरच्याचं पाऊल मांडीवर घ्यायला सांगितलं. टाच कुठली, मधला भाग कुठला, बोटं कुठली, आणि मुख्य म्हणजे पाय डावा की उजवा, हे मोठ्याने सांगायचं. समोर बसलेल्याचा उजवा पाय आपल्या डाव्या हाताला येतो, आणि अक्कल गहाण टाकल्यासारखे आम्ही सगळे तिथेच चुकलो. मला मात्र त्या दिवसाचं वेगळंच आठवतं. या शहरात आल्यापासून मला कोणी साधा हातही लावला नव्हता. अनोळखी मुलीने माझी टाच तळहातावर धरली, आणि माझे डोळे भरून आले. अक्कांनी ते पाहिलं असावं, कारण त्यांनी मला उत्तर विचारलं नाही.

कामात त्या कुणाची भीडभाड ठेवत नसत. जखम कोणत्या पायाला आहे हे डॉक्टरांनी लिहिलं नसेल, तर 'अनिर्दिष्ट' असा एक कोड मिळतो. तो लावला की काम झटपट उरकतं, म्हणून आमच्या व्यवस्थापकांचा त्यावर फार जीव. एकदा अशीच एक नोंद आली. एका पानावर डावा पाय, दुसऱ्यावर उजवा, तिसऱ्यावर नुसताच पाय. व्यवस्थापक म्हणाले, अनिर्दिष्ट टाका आणि पुढे चला. अक्कांनी नोंद अडवून धरली आणि डॉक्टरांना प्रश्न पाठवला. व्यवस्थापक चिडले, तेव्हा त्या शांतपणे म्हणाल्या, "अनिर्दिष्ट पाय कोणाला नसतो हो. त्या माणसाला विचारा, तो सांगेल कुठला." उत्तर यायला वेळ लागला. जखमा दोन्ही पायांना होत्या, आणि एकीवर उपचारच सुरू झाले नव्हते. व्यवस्थापकांनी त्या दिवशी चहा सांगितला आणि अक्का तो न पिता घरी गेल्या. त्यांचा राग असा बराच काळ टिकायचा.

जखम किती खोल आहे, यावरही त्यांचा तसाच कटाक्ष. कातडीपुरती, चरबीपर्यंत, स्नायूपर्यंत की हाडापर्यंत, हे डॉक्टरांच्या शब्दांतूनच घ्यायचं, आपल्या मनाने काही जोडायचं नाही. दया आली म्हणून जखम उथळ करायची नाही, असं त्या म्हणत. त्यांच्या पाठीमागे आम्ही त्यांची नक्कलही करायचो.

अक्कांचं माहेर-सासर दोन्ही बंगळुरूच्या जुन्या मराठी घराण्यांतलं. त्यांच्या मराठीत कन्नडमधले 'स्वल्प', म्हणजे जरा, आणि 'सरी', म्हणजे बरं, हे शब्द इतके सहज येतात की माझ्या आईशी फोनवर बोलताना आता मीही 'सरी सरी' म्हणते आणि ती वैतागते. एकदा मी तापाने पडले होते. बरोबर राहणाऱ्या मुली गावी गेल्या होत्या. दोन बस बदलून अक्का चामराजपेटच्या आपल्या घरून आल्या, डब्यात मऊ भात आणि साधं सार घेऊन. मी जेवेपर्यंत त्या पलंगाच्या कडेला बसून राहिल्या. जाताना म्हणाल्या, एकटं राहायला जमतं, आजारी पडायला जमत नाही. तेव्हा त्यांचे यजमान हयात होते. पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या स्वतःच्या कारखान्यातून ते परत यायच्या आत घरी पोचायचं म्हणून त्यांची घाई चालली होती.

यजमान गेले, मुलगा कॅनडात स्थिरावला, अक्कांनी काम सोडलं. चामराजपेटच्या घरात त्या एकट्या राहू लागल्या. त्यांना स्वतःला मधुमेह आहे, हे आम्हाला ठाऊक होतं. जमेल त्या रविवारी मी जाऊन यायचे.

गेल्या वर्षी अशीच गेले असताना त्या स्वयंपाकघरातून पाणी घेऊन आल्या, आणि मागे लाल फरशीवर एका पावलाचे ओलसर ठसे उमटत होते. मी म्हटलं, अक्का, पाय भिजलाय का? त्यांनी खाली पाहिलं आणि त्या खुर्चीवर बसल्या. मधुमेहात तळव्याची संवेदना जाते, जखम झाली तरी कळत नाही, हे आम्हाला त्यांनीच शिकवलं होतं. रोज कोणीतरी तळवा पाहायला हवा, हेही त्यांनीच. पण त्यांचे गुडघे वाकत नव्हते, मोतीबिंदू पिकत आला होता, आणि घरात दुसरं कोणी नव्हतं.

मी खाली बसून त्यांचं पाऊल मांडीवर घेतलं. इतकी वर्षं मी अशा जखमांना कोड लावत होते, आणि एकही जखम डोळ्यांनी पाहिली नव्हती.

"सांग वैशाली," अक्का म्हणाल्या. "पाय कुठला?"

"डावा."

"कुठे?"

"टाचेला."

"किती खोल?"

मला खोटं बोलायचं होतं.

"स्वल्प नीट बघ. दया करू नको."

"कातडीच्या खाली गेलीय, अक्का. चरबी दिसतेय. हाड दिसत नाही."

"सरी," त्या म्हणाल्या. मग पदर तोंडाला लावून त्या रडल्या. मी अक्कांना रडताना पहिल्यांदा पाहिलं.

रुग्णालयात नर्सने कन्नडमध्ये विचारलं, घरी कोण असतं? माझ्या तोंडाशी आलं होतं की मी आहे. पण मी होते कुठे, मी तर महिन्यातून एखाद्या रविवारची पाहुणी. अक्का म्हणाल्या, एकटी असते, तसंच लिही. नर्सने लिहिलं. ते नीट लिहिलं गेलं की नाही, हे अक्कांनी मान पुढे करून वाचून घेतलं.

पाय वाचला. कित्येक महिने पट्ट्या आणि प्लास्टर झालं, मुलगा येऊन राहून गेला, मोतीबिंदूही काढला. आईने कॅनडाला यावं म्हणून त्याने खूप गळ घातली. तिथल्या बर्फात मी कुणाशी कन्नड बोलू, म्हणून अक्कांनी नाही म्हटलं. डॉक्टरांनी मात्र स्पष्ट सांगितलं आहे: पुन्हा जखम झाली आणि उशिरा कळली, तर पाय ठेवता येईलच असं नाही. त्यानंतर मी दर रविवारी जाते. गप्पा नंतर, आधी तळवे. मधल्या दिवसांसाठी शेजारच्या कमलाबाई येत असत, त्या आता मुलाकडे आनेकलला राहायला गेल्या.

आणि मी पुढच्या महिन्यात नागपूरला परत जाते आहे. माझ्या वडिलांना आता एकटं ठेवता येत नाही. अक्कांना हे सांगायला मी तीन रविवार लावले. त्या म्हणाल्या, "वडिलांकडे जायलाच हवं. मी मोबाइलवर फोटो काढून पाठवत जाईन, तू बघ." परवा त्यांनी पहिला फोटो पाठवला. फोटोत लाल फरशी आली, साडीचा काठ आला, खुर्चीचा पाय आला. त्यांचं पाऊल त्यात नव्हतं. खाली लिहिलं होतं, दिसतंय ना?

अक्कांना उदंड आयुष्य लाभो, त्यांची दोन्ही पावलं शेवटपर्यंत त्यांच्या अंगाखाली भक्कम राहोत, अशी मी मनापासून प्रार्थना करते. समारंभाला तुम्ही सगळे याल, शाल द्याल, वाकून नमस्कार कराल. पण वाकल्यावर पाऊल वरूनच दिसतं. तेव्हा जे कोणी या शहरात अजून आहात, त्यांनी एकेक रविवार वाटून घ्या आणि चामराजपेटला जा. अक्का आढेवेढे घेतील, ऐकू नका. बेल वाजवल्यावर दारापर्यंत यायला त्यांना वेळ लागतो. तेवढं थांबा.