संत्र्याच्या सालीची नदी

काल शहरातल्या बेसा भागातल्या फ्लॅटमध्ये नातीसाठी संत्रं सोललं, आणि त्या वासानं मला सत्तरच्या दशकातल्या आमच्या नरखेडकडच्या अंगणात नेऊन बसवलं.

कोळसा खाणीवर आलेला, बाबांच्या ओळखीचा एक पोलंडचा इंजिनियर बागेतली संत्री खायला आला होता. आईनं मोडक्या हिंदीत त्याचं गाव विचारलं. त्यानं संत्र्याची लांब साल सारवलेल्या अंगणात नागमोडी ठेवली. ती नदी. पलीकडे पानांचं जंगल, काठाकाठानं बियांची घरं.

"फिर लड़ाई आया. फौज आया," तो म्हणाला आणि तळहातानं साऱ्या बिया बाजूला लोटल्या. नदी आणि जंगल तेवढं राहिलं. आईनं त्याच्या हातावर आणखी एक संत्रं ठेवलं.

त्याची जीप गेली तशी मी खराटा उचलला.

"काहून झाडून राहिली वं? पाहुणा आत्ताच गेला ना!" आईनं टोकलं.

पाहुणा गेल्यागेल्या झाडू नये, हा रिवाज मी विसरलेच होते. म्हणून संध्याकाळी पुन्हा खराटा घेतला. आईनं तो माझ्या हातातून काढून घेतला.

"राहू दे. थे गाव एकदा झाडल्या गेलं हाये."

मग ती उकिडवी बसली आणि विखुरलेल्या बिया वेचून पुन्हा नदीकाठी मांडू लागली.