आक्कांची आतली खोली

आक्का घराला कुलूप लावायच्या, ते दोन्ही हातांनी धरून खाली ओढायच्या, फाटकापर्यंत जायच्या आणि परत येऊन पुन्हा ओढायच्या. बाहेर ऑटोवाला ताटकळलेला असायचा. मी म्हणायची, "आक्का, आत्ताच तर पाहिलंत." त्यावर त्या रस्त्याकडे बघत म्हणायच्या, "कुलूप पाह्यलं वं. आता माह्याकडे कोन पाहून राह्यलं, ते पाह्यतो." परत येताना ऑटो कधी घरासमोर थांबू द्यायच्या नाहीत. दोन-चार घरं पुढे उतरायचं, ऑटो वळून दिसेनासा होईपर्यंत देशमुखांच्या कुंपणाशी उभं राहायचं, मग चालत मागे यायचं. हातात भाजीची पिशवी असली तरी. वर्ध्यातल्या सगळ्या ऑटोवाल्यांचा आजही समज असेल की आम्ही देशमुखांकडे राहतो.

आक्का म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. लवकर विधवा होऊन वर्ध्याजवळच्या आंजी गावी माहेरी परतल्या आणि घरातल्या किल्ल्या त्यांच्या कमरेला लागल्या, त्या तिथेच राहिल्या. मी लग्न होऊन नाशिकहून आले तेव्हा बी.ए. होते आणि तशी चालतही होते. आल्यावर काही दिवसांत मला कळलं की तुपाच्या बरणीत आक्का रोज वरच्या थरावर बोटाने एक खूण करून ठेवतात. कधी आडवी रेघ, कधी बैलाची शिंगं. खूण मोडली म्हणजे कुणीतरी हात घातला. स्वयंपाकघरात उभी राहून मी स्त्रीच्या स्वाभिमानावर जे भाषण केलं, ते आठवलं की त्या पोरीला वेणी धरून खाली बसवावंसं वाटतं. हातात उलथनं, डोळ्यांत पाणी, मध्ये मध्ये इंग्रजी शब्द. आक्कांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "झालं? मंग आता हात दाखव." मी दाखवले. त्यांनी हुंगले.

त्यांच्या पाटल्या कपाटात नसायच्या. त्या असायच्या गोठ्यातल्या सरकीच्या पोत्यात, तळाशी. "चोट्टा कपाट फोडते," त्या सांगायच्या. "सरकीच्या पोत्यात हात कोन घालते? बैल." हे मला त्यांनी सांगितलं तेही सरकी संपून पाटल्या दुसरीकडे गेल्यावर. नवी जागा कोणती, ते सांगितलं नाही. मीही विचारलं नाही, कारण मी बी.ए. होते.

वर्षं गेली. माझे यजमान गेले, आंजीची शेती बटईने, अर्ध्या वाट्यावर दिली आणि आम्ही दोघी वर्ध्याच्या घरात एकमेकींवर लक्ष ठेवत राहू लागलो. नात मुक्ता शिकायला पुण्याला. एका दिवाळीत ती घरी आली आणि आम्हा दोघींना एक खेळ लावून दिला. मला तिचा जुना लॅपटॉप, आक्कांना माझ्या मुलाच्या ऑफिसातून बाद झालेला संगणक. म्हणाली, "फोनवर तुम्ही फक्त जेवलीस का विचारता. इथे निदान एका बेटावर भेटू."

खेळ असा: एका बेटाच्या किनाऱ्यावर आपण उघडेवाघडे जागे होतो, मेलो तरी पुन्हा तिथेच. लाकूड तोडायचं, दगड फोडायचे, घर बांधायचं, हत्यारं करायची. त्याच बेटावर जगभरातली माणसं हेच करत असतात आणि त्यातली बरीच दुसऱ्याचं चोरून करतात. आक्का आधी नुसत्या चष्मा पुसत बघत बसल्या. मग त्यांनी मुक्ताला एकच प्रश्न विचारला. "आपन हे बंद केलं, का ते बाहुलं कुठं जाते?"

"कुठेच नाही, आजी. तिथेच झोपून राहतं. घरात कुणी घुसलं तर सगळं काढून घेऊन जातं."

आक्कांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "मंग खरा हाय हा खेळ."

माझं पहिलं घर मात्र बघण्यासारखं होतं. समुद्राकडे खिडक्या, दारात दिवा, वर पाटी: 'या, बसा.' एक परदेशी पाहुणा आला, त्याने हात हलवला, मी दार उघडलं. त्याला भाजलेलं मांस दिलं, घर फिरून दाखवलं, पेट्याही दाखवल्या. दुसऱ्या दिवशी पाटीसुद्धा नव्हती. तेव्हा मी सत्तरीला आले होते, म्हणजे त्या वेणीवालीची चूक वयाची होती असं म्हणायची सोयही उरली नाही.

मग बांधकाम आक्कांनी हातात घेतलं. त्यांचं घर म्हणजे दगडाचा एक कुरूप ठोकळा. खिडकी नाही. आत शिरायला आधी एक बोळ, बोळाला दोन दारं. "एक लागल्याबिगर दुसरं उघडाचं नाई," हा नियम. मी चुकून दोन्ही उघडी ठेवली की बाजूच्या खोलीतून खरीखुरी हाक यायची, "सुमन! दार!" आणि मी दचकून आमच्या घराचं दार बघायला उठायची. दारामागे लगेच एक पेटी, तिच्यात जुने बाण, फाटके कपडे. ती चोरासाठी. "त्याले रिकाम्या हातानं नाई पाठवाचं. रिकामा गेला तं रागानं परत येते." आणि सगळ्यात आत, मधल्या खोलीच्याही मागे, आक्कांची स्वतःची खोली. तिला आकड्यांचं कुलूप. आकडे फक्त आक्कांना ठाऊक.

"मला का नाही सांगत?" मी विचारलं.

"तू चांगली हाय वं."

"मग?"

"चांगल्या मानसाले कोनी बी विचारते. अन् ते सांगते."

पन्नास वर्षांनी पुन्हा तुपाची बरणी. मी रुसून घराबाहेर मळा केला, भोपळे लावले आणि मळ्याशेजारी एक उघडी पेटी ठेवली. कुणी भुकेलं आलं तर भोपळा न्यावा. आक्का तिला माझी दानपेटी म्हणायच्या, आणि हा शब्द उच्चारताना त्यांचं नाक तूप हुंगल्यासारखं व्हायचं.

अशात मुक्ताची परीक्षा आली. तिने बेटावर जमवलेलं सगळं, लोखंडी चिलखत आणि एक लांब नळीची बंदूक, आमच्या मधल्या खोलीतल्या पेटीत आणून ठेवलं. ते तिच्या एकटीचं नव्हतं, तिच्या मैत्रिणींच्या टोळीचं होतं. "आजी, हे गेलं तर त्या मला टोळीत ठेवणार नाहीत. पुण्यात माझ्या मैत्रिणी म्हणजे याच." एवढं बोलून ती अभ्यासाला गेली. पोरीचं नवं शहर होतं. आम्हा दोघींनाही नीट कळलं की हा नुसता खेळ राहिलेला नाही.

आक्कांचा संशय पहिल्यांदा गेला तो निळ्या टोपीवर. समोरच्या टेकडीवर एक निळ्या टोपीचा शेजारी होता, जाता-येता हात हलवायचा. मला तो सभ्य वाटे. आक्का म्हणायच्या, "काम ना धंदा, रोज काऊन हात हलवून राह्यला? हात हलवते अन् भिंत मोजते."

आणि एका सकाळी मी पेटी उघडली, तर चिलखत नाही, बंदूक नाही. दारं शाबूत, भिंती शाबूत. म्हणजे चोर घरातलाच. घरात माणसं दोन.

"आक्का, मुक्ताचं सामान?"

"मले काय विचारतं? दाराची किल्ली तं तुह्यापाशी बी हाय."

मला कळायचं ते कळलं. नेलं आतल्या खोलीत, आणि माझ्याशी कबूलही व्हायचं नाही! त्या दिवसापासून आमच्या घरात चहा दोन भांड्यांत होऊ लागला. त्या आंघोळीला जाताना संगणकावर टॉवेल टाकून जायच्या. मी बेटावर झाडामागे उभी राहून आमच्याच घरावर पाळत ठेवायची. आक्का कधी आत गेल्या, कधी बाहेर आल्या. मळ्याला पाणी घालायचं राहून गेलं. कामवाल्या मंदाने एकदा विचारलं, "आजी, भांडन कायचं चालू हाय?" मी म्हटलं, "बंदुकीचं." ती दोन दिवस फिरकली नाही.

परीक्षा संपायच्या आदल्या दिवशी खेळ उघडला, तर मी समुद्रकिनारी उघडीवाघडी. बाजूच्या खोलीतून आक्कांचा आवाज आला, "माय वं!" त्याही किनाऱ्यावर. झोपेत कुणीतरी दोघींना मारलं होतं. धावत घराकडे गेलो. बोळ सुरुंगाने उडवलेला, मधली खोली उडवलेली, आक्कांच्या आकडेवाल्या दाराच्या जागी भगदाड. लांब टेकडीवरून निळी टोपी हात हलवत होती.

मी पहिल्यांदाच आतल्या खोलीत पाय ठेवला. आत एक पेटी होती, उघडी, रिकामी. मी खुर्चीतून उठून आक्कांच्या खोलीत गेले आणि म्हणाले, "नेलं ना शेवटी? तुमच्या खोलीतून नेलं! मला आकडे दिले असते तर मी..." पुढे काय, ते मलाच सुचेना. पोरीला काय तोंड दाखवायचं?

आक्का पडद्यावरून नजर न काढता म्हणाल्या, "माह्या खोलीत कोळसा होता. कोळसा गेला. तू भोपळे पाह्य."

दानपेटी भगदाडापासून हाताच्या अंतरावर तशीच उभी होती, उघडी. वर भोपळे. खाली सरकत गेले. भोपळे, भोपळे, मग चिलखत. त्याखाली बंदूक.

"दार फोडून आत जानारा मानूस दाराबाहेरचं खोकडं कायले पाह्यते?" आक्का म्हणाल्या. "तिथून कोनी चोरत नाई. तू तं मांगितल्यावर देतंच."

"मला सांगायचं तरी!"

"तू माह्या पेटीवर डोळा ठेवून बसली. आपल्या पेटीत कवा पाह्यलं तू?"

त्या संध्याकाळी चहा एका भांड्यात झाला. मुक्ताला सगळं सामान जिथल्या तिथे मिळालं आणि तिच्या टोळीत आक्कांचा भाव वधारला. पुण्याच्या पोरी फोन करून त्यांना विचारायच्या, आजी, दारं किती ठेवू? आक्का आधी विचारायच्या, "तू कोन बोलून राह्यली? मुक्ताच्या मायचं नाव सांग." मगच सल्ला.

आम्ही घर पुन्हा बांधलं. आतली खोलीही बांधली, तिला पुन्हा कुलूप लागलं आणि आकडे मला याही वेळी मिळाले नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात आक्कांना दवाखान्यात ठेवावं लागलं. छातीत पाणी झालं होतं. जाण्याच्या सकाळी त्यांनी आपलं बाहुलं आतल्या खोलीत नेऊन निजवलं, दार लावलं, संगणक बंद केला. दवाखान्यात एका दुपारी मी हळूच म्हटलं, "आक्का, ते आकडे..."

"काऊन? मी मरून राह्यली काय?"

"नाही हो. सहज."

त्यांनी माझ्या हातातल्या किल्ल्यांकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "घराले कुलूप लावलं काय?"

"लावलं."

"ओढून पाह्यलं?"

मी किल्ल्या पिशवीत टाकल्या. त्यांनी डोळे मिटून घेतले. "जाय. ओढून येजो."

मी गेले, ओढलं, परत आले. त्यानंतर आमचं फार बोलणं झालं नाही. आक्का त्या आठवड्यात गेल्या.

बेटावर मात्र त्या अजून आतल्या खोलीत झोपलेल्या आहेत. तिथल्या घराला दगड-लाकूड घालत राहावं लागतं, नाहीतर भिंती आपोआप ढासळतात आणि आतलं सगळं उघड्यावर येतं. म्हणून मी रोज दगड फोडते. मुक्ता म्हणाली, "आजी, दार उडवून बघू या का, आत काय ठेवलंय?" मी म्हटलं, आक्का झोपल्या आहेत, आवाज करू नकोस. लॅपटॉपच्या पलीकडून ती हळूच म्हणाली, "मग मी दगड आणते."

निळी टोपी अजून जाता-येता हात हलवते. मी हलवत नाही. आधी बोळातलं एक दार लावते, मग दुसरं उघडते. आणि घरात जाण्याआधी मळ्यात थांबून माझी पेटी बघते, भोपळे सारून अगदी तळापर्यंत. अजून तरी काही सापडलं नाही. पण आक्कांचं काही सांगता येत नाही.