उसन्या मेंढ्या

सन १९९४. मी एकसष्ट वर्षांचा. भूतबाधा, अंगात येणं असलं मी कधी मानलं न्हाय, आजबी मानत न्हाय. तिसरीतनं शाळा सुटली, पण डोळं शाबूत हायत. म्हणून लिहितोय.

आमची वस्ती इंदापूर तालुक्यात, वालचंदनगरच्या अलीकडं. पुण्याहून एक बाई जीप घेऊन आली... वंचितांवर डॉक्युमेंट्री काढायची म्हणाली. मला वाटलं, बरं झालं, आमची विहीर, घर, ट्रॅक्टर लोकांना दिसंल. तर बाई म्हणती कशी, "आबा, ट्रॅक्टर नको. फाटकी घोंगडी आहे का?"

"मेंढरं इकून बारा वर्सं झाली, बाई. माझी लेक मास्तरीण हाय. ते काढा की!"

"त्यात मेंढपाळ कुठं दिसतो?"

डोक्यात सणक गेली! म्हणजे आमी सुधारलो की आमी आमी राहत न्हाय?

दुसऱ्या दिवशी दुपारी बाईनं सुप्याचा भिकू मेंढपाळ आणला. टेम्पोत त्याची पंचवीस-तीस मेंढरं. ती मी मागच्या उजाड माळावर न्यायची — घर दिसू नये म्हणून! मी नकोच म्हणणार होतो, तर भिकू हसला, "ऱ्हाऊ द्या बाई, आबाला आता कुठलं जमतंय!" मग घेतली काठी. वडील घालायचे तशी हाळी घातली.

मेंढरं माळाकडं गेलीच न्हाईत. वळली, सरळ आमच्या अंगणात शिरली आन् ट्रॅक्टरच्या भोवती भर उन्हात बसली. भिकूनं शिट्टी मारली, कान धरून उठवलं — उठवलेलं परत बसायचं. त्याचं कुत्रं अंगणात पाय टाकंना.

आमची मंडळी दारात आली आन् तोंडावर हात धरला. "अवं, ही तर मामंजींची वाघर!"

वाघर म्हणजे रातची मेंढरं कोंडायची जाळी. घर बांधायच्या आधी वडील ती तिथंच लावायचे. मेखा कुठं होत्या मला ठाव हाय. एक मेंढरू त्यांच्या भाईर नव्हतं...

बाई भडकली. "आबा, ट्रॅक्टर दिसावा म्हणून मुद्दाम केलंत!"

"मी? फाटकी घोंगडी कुणी मागितली? खोटं तुमी करताय, बाई, मी न्हाय!"

दिवस कलला. कॅमेरा पेटीत गेला आन् मेंढरं आपसूक उठली. भिकूचं हसू कुठल्या कुठं गेलं. "आबा, लय मुलूख हिंडलो. असं न्हाय बघितलं." बाई मात्र जाताना बजावून गेली, "उद्या माळावरच."

कुणी म्हणतं, जमिनीला वास राहतो. बारा वर्सं? वर ट्रॉलीनं मुरूम टाकलेला! आन् सुप्याच्या मेंढरांनी आमचं अंगण कधी बघितलं? मला अजून कोडं सुटलेलं न्हाय.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंघोळ केली, इस्त्रीचा सदरा घातला. जीप यायच्या आत माळाच्या वाटेवर ट्रॅक्टर आडवा लावला, वर चढून बसलो आन् बाई आल्यावर म्हणलं, "काढा आता. न्हायतर जीप वळवा."