शिवेपल्याडची वाट

भागीरथीवहिनी गेल्याचं मला महाडच्या बाजारात कळलं. वालाच्या शेंगा घेत होते. शेंगा विकणारी बाई पोलादपूरच्या वरच्या अंगाची, मधल्या वाडीची. टोपलीतून मूठमूठ उचलताना ती म्हणाली, "भागी गेली गो बाय. तीन दीस ताप व्हता. डोलीत बसून पोलादपूरला जायाला तयार नाय झाली." माझा हात तसाच राहिला. आणि मी काही बोलायच्या आत तिनं पुढचंही सांगून टाकलं, की वाटेचा मान आता वहिनींच्या घरात राहत नाही, दुसऱ्या घरी जाणार, असं गावात चाललंय. खरं सांगते, मला रडू नंतर आलं. आधी राग आला. माणूस जाऊन आठ दिवस झाले नाहीत, तोवर तिच्या चुलीवरचं आधण उतरवायला लोक हजर... त्या रागातच हे लिहायला घेतलं आहे आणि तो लपवायचा माझा विचार नाही.

वाटेचा मान म्हणजे काय, हे खाली राहणाऱ्यांना ठाऊक नसेल. पोलादपूरच्या डोंगरातून घाटावर चढणारी एक जुनी वाट आहे. मोटाररस्त्याच्या कितीतरी आधीची. कुणी बांधली ते कुणाला सांगता येत नाही, पण अर्ध्या चढात कातळात खोदलेलं पाण्याचं टाकं आहे आणि अवघड जागी पायऱ्या. या वाटेवर खालची वाडी, मधली वाडी, वरची वाडी अशा तीन वाड्या लागतात. परक्या माणसाला वाटेनं न्यायचं ते वाडीतल्या एका ठरल्या घरानं, तेही फक्त आपल्या शिवेपर्यंत. सकाळी निघताना पाहुण्यानं वाटाड्याच्या हातावर एक सुपारी ठेवायची. शिवेच्या धोंड्याशी पुढच्या वाडीचा वाटाड्या उभा असतो, त्याच्या हातात ती सुपारी द्यायची, की पाहुणे त्याचे. अशी हातोहात ती सुपारी खिंडीतल्या देवापर्यंत जायची. या कामाचं मोल काही नाही. पण शिमग्याला पालखी निघते तेव्हा त्या घराचा माणूस पुढे चालतो, आणि डोंगरात त्यालाच खरं घर म्हणतात.

खालच्या वाडीत हा मान भागीरथीवहिनींच्या सासऱ्यांकडे होता. आमच्या हेडमास्तरांना जुन्या वाटांचं वेड. एका हिवाळ्यात त्यांनी बेत केला आणि वाटाड्या हवा म्हणून सासऱ्यांच्या नावानं चिठ्ठी धाडली. मी तेव्हा महाडच्या शाळेत नुकतीच लागले होते, चोवीस वर्षांची, आणि "मुलींनी कशाला डोंगर चढायचा" असं जो म्हणेल त्याच्याशी भांडायला टपलेली. हेडमास्तर, गावातले एक नामांकित वकील, दोन शिक्षक आणि मी, असे पाच जण पहाटे खालच्या वाडीत पोचलो तर कळलं, की म्हातारा पावसाळ्यातच वारला. मुलगा मुंबईला गोदीत, तो शिमग्याशिवाय येत नसे. देवळापुढे दोन माणसं उभी होती. एक चांगला उंचापुरा गडी, फेटाबिटा बांधून. आणि त्याच्यापासून दहा हात दूर पस्तिशीची एक बाई, म्हाताऱ्याची सून भागीरथी, काष्टा मारलेली, अनवाणी, कमरेला कोयती.

गड्याचं म्हणणं, त्या घरात आता पुरुष नाही, तेव्हा मान आमच्या घराकडे आला. बाई आमच्याकडे बघतसुद्धा नव्हती. ती त्याला म्हणाली, "चिठ्ठी आमच्या घरला आली. आमच्या घरातनं मी आले." एवढंच. हेडमास्तर घुटमळले. वकीलसाहेबांनी घसा साफ करून तोडगा सुचवायला सुरुवात केली. सुपारी माझ्या पिशवीत होती. माझं डोकं तेव्हाही असंच होतं, मी ती काढली आणि सरळ तिच्या हातावर ठेवली. हेडमास्तरांनी माझ्याकडे असं पाहिलं, की नोकरी गेलीच असं मला वाटलं. तोवर वहिनी चालायला लागल्या होत्या. झक्कत सगळे मागे निघाले.

त्यांचं चालणं काय सांगू. घाई नाही आणि थांबणं नाही. मागे वळून कुणाची वाट पाहणं नाही. मला पहिल्याच चढावर बजावलं, "बाई, बोलू नका, दम जातो." वकीलसाहेब मात्र बोलत राहिले आणि त्यांचा दम जात राहिला. शिवेच्या धोंड्याशी पोचलो तेव्हा उन्हं अंगावर आली होती. मधल्या वाडीचा वाटाड्या धोंड्याला टेकून विडी ओढत बसला होता. वहिनींनी सुपारी पुढे केली. त्यानं तिच्याकडे पाहिलं, आमच्याकडे पाहिलं, विडी विझवली.

"बाईच्या हातची सुपारी मी घ्येनार नाय. तुमच्या गावात बाप्ये मेले काय?"

मला वाटलं, इथूनच परतायचं. वहिनी सुपारी पुढे धरून तशाच उभ्या होत्या, चांगला वेळ... हात जरासुद्धा हलला नाही. मग त्यांनी मूठ मिटली.

"नको घेऊ," त्या म्हणाल्या. "सुपारी हातात हाय तवर पाव्हनं माजं. पुढचा घेत नाय तर मागच्यानं सोडायचं नाय, ही रीत तुज्या आज्यानंच लावली. सर वाटेतनं."

सुपारी कनवटीला लावून त्या त्याच्या अंगावरूनच पुढे गेल्या. त्याला सरावं लागलं. रीत तर त्याच्याच आज्याची, तो करणार काय. मी मागून जाताना त्याच्याकडे बघून हसले. तेवढं करायला नको होतं असं पुढे कधीतरी वाटलं, पण त्या दिवशी मजा आली.

मधल्या वाडीत शिरलो तर पाणवठ्यावर वहिनी थांबल्या. शिवेपर्यंत एकदाही न थांबलेली बाई तिथे दोन बायकांशी बोलत उभी राहिली. या खालच्या वाडीच्या लेकी, इथे दिलेल्या. त्यांनी आम्हाला तांब्याभर पाणी दिलं आणि वहिनींना बाजूला घेऊन कुजबुज चालली. निघालो तर पुढे गोठ्याशी आणखी एक भेटली. तिथेही थांबणं. टाक्यापाशी लाकडं घेऊन उतरणारी एक म्हातारी, तिच्याशी तर चांगली बैठकच. वकीलसाहेब वैतागले. दोन बायका भेटल्या की झालं, संध्याकाळची सर्व्हिस मोटार चुकणार, असं म्हणाले. आणि मी, बायकांची बाजू घेऊन भांडणारी मी, मनातून त्यांच्याशी सहमत होते. मलाही वाटलं, बाई जिंकली आणि आता मिरवते आहे.

वरच्या वाडीचा वाटाड्या म्हातारा होता, हसरा. बातमी त्याच्यापर्यंत आमच्या आधीच पोचली होती. त्यानं स्वतःहून हात पुढे केला, "दे पोरी, मला काय त्याचं. मी घेतो." इतका भला माणूस. पण वहिनींनी मान हलवली. "बाबा, तुमी द्येव मानूस. पन आता नाय देत. मधल्या वाडीतनं आनली ती कुनाच्या हातनं, ते देवाला बघू दे." म्हातारा मोठ्यांदा हसला आणि नुसता सोबत म्हणून मागून चालत आला. खिंडीत पोचल्यावर वहिनींनी कनवटीची सुपारी काढली, देवापुढच्या दगडावर कोयतीच्या मुठीनं फोडली, अर्धी देवापुढे ठेवली आणि अर्धी तोंडात टाकली. म्हातारा म्हणाला, सगळी देवाची असते. त्या चघळत म्हणाल्या, "देव चालला नाय. मी चालले."

मग आम्ही दशम्या सोडल्या. जेवण झाल्यावर पुरुषमंडळी झाडाखाली आडवी झाली आणि आम्ही दोघी जरा बाजूला, दरीकडे तोंड करून बसलो. खाली सगळा पोलादपूरचा मुलूख. बऱ्याच वेळानं त्यांनी मला जे सांगितलं ते मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. त्यांनी तसा शब्द घेतला होता.

"बाई," त्या म्हणाल्या, "शिवेपल्याड मी आज पयल्यांदा आले."

मला आधी कळलंच नाही. मग त्यांनी नीट सांगितलं. सासरे फक्त शिवेपर्यंत नेत, म्हणून त्यांनी सुनेला दाखवली तीही शिवेपर्यंतच. पुढची वाट त्यांनी कधी पाहिलेली नव्हती. पाणवठ्यावर, गोठ्याशी, टाक्यापाशी त्या बायकांना वाट विचारत होत्या. कुठे डावं घ्यायचं, कुठली पायवाट गुरांची आणि कुठली माणसांची, कुठे कातळावर पाय सरतो. आपल्या गावची लेक कुठल्या घरी दिली आहे, एवढंच त्यांना ठाऊक होतं. तेवढ्यावर पाच शहरी माणसं घेऊन त्या डोंगर चढल्या, आणि मागे वळून न पाहता! मी विचारलं, भीती नाही वाटली? "वाटली की. म्हनून तर तोंड पुढं ठेवलं. तुमाला दिसलं असतं." मग लगेच दरडावून, "कुनाला बोलायचं नाय." मी नाही बोलले. आणि त्या, आम्हाला घाटमाथ्यावरच्या मोटाररस्त्यावर सोडून, उजेड आहे तोवर घर गाठायचं म्हणून एकट्या परत फिरल्या.

पुढे गावात बैठक बसली. मधल्या वाडीचा तो तक्रार घेऊन आला, की बाई माझ्या हद्दीतून गेली. वहिनींनी सगळ्यांदेखत विचारलं, सुपारी घेत नव्हतास, मग पाहुणे काय धोंड्याशी टाकून येऊ? जाणत्यांचं नको-हो होता होता मान त्यांच्या घरात राहिला. मधल्या वाडीचा वाटाड्या पुन्हा धोंड्याशी उभा राहिला नाही, म्हणून त्यानंतर चौदा वर्षं त्यांनी ती वाट थेट खिंडीपर्यंत चालवली. मी दर हिवाळ्यात जात होते, कधी मैत्रिणी घेऊन, कधी एकटी. स्वभावानं गोड वगैरे त्या मुळीच नव्हत्या. उशीर झाला तर मला शाळेतल्या पोरीसारखं झापायच्या. घरात सुनेशीही तुटक वागत. एकदा डोंगरातल्या नव्या रस्त्याच्या मोजणीला आलेल्या साहेबानं त्यांना समजावलं, की आता मोटार होईल, ही वाट कुणाला लागणार? तर म्हणाल्या, "मोटार वाडीत येनार हाय? नाय ना? मग तुमी तुमचा रस्ता करा, मी माजी वाट करते." आणि पावसानंतर वाटेवरची झुडपं तोडायला नेहमीसारख्या कोयती घेऊन गेल्या.

परवा मी खालच्या वाडीत जाऊन आले. जाणती मंडळी देवळात भेटली. सगळे हळहळले. मग मुद्द्यावर आले. मुलगा मुंबईला, बापासारखाच. सून शेवंता घरी आहे, पण ती पार पाचाडकडची. तिनं शिवेपलीकडे पाऊल टाकलेलं नाही, सासूनं तिला कधी नेलंच नाही. "बायमानसाला आमची ना नाय आता," एक जण म्हणाला, "पन तिला वाटच ठावी नाय, तर काय करायचं?" बोलणं रास्त वाटतं ना? मलाही क्षणभर वाटलं. मग म्हटलं, नाही. माझ्याजवळ जे आहे ते दाबून ठेवलं, तर या घराशी बेइमानी होईल.

म्हणून शब्द मोडते आहे. खालच्या वाडीच्या मंडळींनो, हे वाचा, वाचता येत नसेल त्याला वाचून दाखवा. ज्या बाईचा तुम्ही पालखीपुढे चौदा वर्षं मान केलात, तिलाही पहिल्या दिवशी ती वाट ठाऊक नव्हती. वहिनी असत्या तर त्यांनी मला आज फैलावर घेतलं असतं. घेऊ दे.

देवळातून मी त्यांच्या घरी गेले. पडवीच्या कडेला एक धोंडा आहे, वहिनी वाटेवरून आल्या की त्यावर पाय धूत. पण थेट घरी कधी येत नसत, सगळ्या वाडीला वळसा घालून, पायांवरची घाटाची लाल माती दारोदार दाखवून मगच धोंड्यावर बसत. धोंडा कोरडा होता, त्यावर सुकी पानं पडली होती. शेवंता आत भात पाखडत होती. तिच्याशेजारी बसून मी तिला सगळं सांगितलं, पाणवठा, गोठा, ती लाकडं आणणारी म्हातारी. सूप थांबलं. ती खुदकन हसली, सुतक असून हसली.

"म्हंजे आत्याबाय इचारत इचारत गेल्या?"

"हो."

"आन मला म्हनायच्या, तुला काय कळतंय." तिनं सूप बाजूला ठेवलं आणि पदर खोचला. "बाई, मानसं किती आनताय?"

येत्या रविवारी आम्ही सात जणी निघतो आहोत. रस्ता चुकलो तर चुकलो, विचारू. संध्याकाळी मला तो धोंडा ओला झालेला पाहायचा आहे.