डॉट अजून वरच आहे

मॉरीन थ्रेलफॉल या नटीची फाइल आमच्या कचेरीत सगळ्यांत बारीक. मँचेस्टरमध्ये नटनट्यांना कामं मिळवून देणाऱ्या या कचेरीत मी एकतीस वर्षं कागद सांभाळतो आहे, म्हणून खात्रीनं सांगतो. दोन चित्रपट, त्यातल्या एकात पाठमोरी. टीव्हीवर अकरा वेळा नर्स, चारदा शेजारीण, एकदा प्रेत. आणि डॉट.

डॉट म्हणजे एका जुन्या मालिकेतल्या पबमालकाची बहीण. एकोणतीस वर्षांपूर्वी एका भागात पबचे दिवे गेले. "फ्यूज आणते," म्हणून डॉट जिना चढून वर गेली. पुढच्या आठवड्यात लेखक बदलला. नव्याला डॉट आठवलीच नाही. ती खाली आली नाही.

जिना तरी कसला! आठ पायऱ्या, वर एक फळी, मागे शिडी. मॉरीन शिडीवरून उतरून चहाला गेली आणि तेव्हापासून दर सोमवारी साडेनऊला आम्हाला फोन करू लागली.

"काही निरोप?"

"नाही, मिसेस थ्रेलफॉल."

"असू दे. मी मेलेली नाही, सबनीस. मी वर आहे."

गेल्या वर्षी मालिका बंद करायचं ठरलं. शेवटचा भाग थेट दाखवणार होते. इथल्या मालिकांना ही खाज असतेच. निर्मातीला मी डॉटची आठवण करून दिली. पोरगी हरखली.

"अजून वरच? मग तिची अंत्ययात्राच काढू या!"

हे मॉरीनला सांगायचं काम अर्थात माझ्याकडे आलं.

"म्हणजे शवपेटीत मी झोपायचं?"

"नाही, विटा भरणार आहेत. तुम्हाला पाहुणी म्हणून बघायला आणि नंतरच्या मेजवानीला आमंत्रण आहे."

"एकोणतीस वर्षं मी वाट बघितली आणि माझं काम विटा करणार? जिवंत चढले, जिवंतच उतरणार. लिहून ठेवा."

मी लिहून ठेवलं.

थेट भागाच्या दिवशी सेटवर पबच्या मधोमध पेटी, भोवती काळ्या कपड्यांतले नट. पबमालक झालेला म्हातारा क्लिफर्ड गळा काढत होता, "डॉटसारखी बहीण..." पाहुण्यांत माझ्या शेजारची मॉरीनची खुर्ची रिकामी होती. मला शिडी आठवली. चौऱ्याहत्तर वर्षांची बाई, दोन्ही गुडघे बदललेले. कुणाला तरी सांगायला हवं होतं. मी चष्मा पुसत राहिलो.

फळी करकरली. जिन्यावर आधी सपाता दिसल्या, मग डॉट. हातात फ्यूज.

"सापडला एकदाचा! आणि इथे तर दिवे लागलेत. मला हाक मारायला काय झालं होतं रे?"

निर्मातीनं दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं. क्लिफर्डनं डॉटकडे पाहिलं, पेटीकडे पाहिलं. पण नट जुना, मुरलेला.

"मग हिच्यात कोण आहे, डॉट?"

"मला काय विचारतोस? मी वर होते."

सोमवारी साडेनऊला फोन वाजला नाही. दहापर्यंत थांबलो, मग मीच लावला.

"काही निरोप, मिसेस थ्रेलफॉल?"

"आत्ता नको, सबनीस. दारात तीन शेजारणी उभ्या आहेत. पेटीत कोण होतं ते ऐकल्याशिवाय हलत नाहीत मेल्या."